माझ्या अंगातलं रक्त कुणाच्या नावावर?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मी सोलापूरच्या पूर्व भागात राहतो. वय सत्तावन्न. बत्तीस वर्षं जॅकार्ड चादरींची कार्डं पंच करण्याचं काम केलं. ग्राफ पेपरवर काढलेली नक्षी पुठ्ठ्याच्या पट्ट्यांवर भोकं पाडून मागाला कळेल अशी करून द्यायची, हा माझा धंदा. इलेक्ट्रॉनिक जॅकार्ड आल्यापासून काम कमी झालं, पण हात अजून बसलेला आहे. पेपरात पत्र लिहायची ही पहिलीच वेळ. कारण घडलं ते गड्ड्याच्या यात्रेच्या आठवड्यात, आमच्या गल्लीतल्या रेशन दुकानात.

माझी थोरली बहीण, अक्का, दोन गल्ल्या सोडून राहते. तिचं वय एकसष्ट. अकराव्या वर्षापासून विड्या वळते. रेशनकार्डाची ई-केवायसी करायची म्हणून तिला गाडीवर मागं बसवून दुकानात नेलं. आधी उजवा अंगठा लावला. मशीन नको म्हणालं. डावा लावला, नको. मग एकेक करत दहाही बोटं. दुकानदार भला माणूस आहे, त्यानं ओलं फडकं दिलं, अक्कानं बोटं पुसली, पदराला घासली, पुन्हा ठेवली. लाल दिवा. मागं रांग लागलेली. "अक्का, तुमच्या बोटावर रेघाच राहिल्या न्हाईत की," तो म्हणाला. अक्का हात पदराखाली घेऊन बाजूला झाली. मग मी माझ्या कार्डासाठी अंगठा ठेवला आणि एका दमात मशीननं माझं नाव दाखवलं.

रांगेतल्या लोकांना त्यात काही वेगळं वाटलं नसेल. विडी कामगार बायकांच्या बोटांचं हे दुखणं पूर्व भागात घरोघरी आहे. पान भिजवायचं, पत्र्याच्या मापावर कात्रीनं कापायचं, तंबाखू भरून वळायचं, टोक मुडपायचं, दोरा बांधायचा. दिवसाला हजार वेळा, पन्नास वर्षं. बोटावरची कातडी गुळगुळीत होणारच. पण मी मात्र तिथं उभा राहिलो तो हललोच नाही. माझ्या मनात आलं, या मशीननं अंगठ्याऐवजी रक्ताचा थेंब घेतला असता तर काय झालं असतं? माझ्या बोटातून काढलेल्या थेंबानं मशीनवर अक्काचं नाव आलं असतं.

हे खरं आहे. कसं ते सांगतो.

2018 च्या दिवाळीनंतर माझ्या हिरड्यांतून रक्त यायला लागलं. मांडीवर, दंडावर न आपटता काळेनिळे डाग उठायचे. ताप उतरायचा नाही. आठ दिवस गोळ्या खाल्ल्या, मग रक्त तपासलं. रक्ताचा कॅन्सर निघाला. सिद्धेश्वर एक्स्प्रेसनं रात्रीतून मुंबईला गेलो. किमो झाली, आजार तात्पुरता दबला, पण डॉक्टरांनी सांगितलं की हा प्रकार उलटणारा आहे, बोन मॅरो, म्हणजे हाडातला रक्त बनवणारा मगज, बदलावा लागेल. सख्ख्या भावंडांत जुळण्याची शक्यता चारात एक. आम्ही तिघं भावंडं. धाकट्या भावाचं जुळलं नाही. अक्काचं पूर्ण जुळलं.

डॉक्टर अक्काला एकटीला खोलीत घेऊन बसले, कुणाचं दडपण नाही ना, हे विचारायला. बाहेर आल्यावर तिचा चेहरा उतरला होता. मला वाटलं घाबरली. काय झालं ते तिनं मला वर्षभरानं सांगितलं. तिनं डॉक्टरांना विचारलं होतं, "माझ्या अंगात चाळीस वर्षांची तंबाखूची धूळ हाय. ती त्याच्या अंगात जाईल का?" डॉक्टरांनी समजावलं तरी तिची खात्री पटली नव्हती. भावाला आपण काहीतरी वाईट देतोय की काय, या भीतीनं ती पाच दिवस सुया टोचून घेत होती. त्या सुयांनी मूळ पेशी हाडातून रक्तात उतरतात. कमरेत, मांडीत ठणका लागतो. मग एका दंडातून रक्त काढून मशीनमधून फिरवून दुसऱ्या दंडातून परत देतात, चार तास लागतात. त्यातून निघालेली पिशवी लालसर तपकिरी, पाव लिटरच्या आतबाहेर. पिशवीवर वर अक्काचं नाव, खाली माझं. ती पिशवी माझ्या गळ्याजवळच्या नळीतून तासाभरात रिकामी झाली. त्याआधी औषधांनी माझा स्वतःचा मॅरो पार मारून टाकला होता. त्या औषधांनी माझी कातडी इतकी काळवंडली होती की बायकोनं काचेतून मला पाहिलं आणि शेजारच्या खोलीकडं वळली.

सतराव्या दिवशी पांढऱ्या पेशी दिसायला लागल्या. त्या अक्काच्या होत्या.

शंभराव्या दिवसाच्या रिपोर्टवर लिहिलं होतं, रक्तातल्या सर्व पेशी डोनरच्या. माझा रक्तगट बी पॉझिटिव्ह होता, अक्काचा ओ पॉझिटिव्ह. तीन-चार महिन्यांत माझा ओ झाला. बाईचं रक्त म्हणून माझ्या रक्तातल्या पेशींत आता एक्स-एक्स गुणसूत्रं आहेत. सोलापुरात एकदा एका लॅबमध्ये गुणसूत्रांची तपासणी केली तर तिथल्या मुलीचा फोन आला, "काका, नमुन्याची अदलाबदल झालीय बहुतेक, पेशंट लेडीज आहे का?" लहानपणी टोचलेल्या लसींची आठवणही जुन्या मॅरोबरोबर गेली होती. वर्षभरानं धनुर्वात, घटसर्प, पोलिओ सगळं पुन्हा टोचलं, गोवराची लस दोन वर्षांनी. कडेवर बाळं घेतलेल्या आयांच्या शेजारी मी एक्कावन्नाव्या वर्षी दंड उघडा करून बसलो होतो.

बायकोला हे समजावताना मी माझ्या धंद्यातलं उदाहरण दिलं. चादर कशी होते? सूत कुठलंही लाव, नक्षी ठरते ती कार्डावरच्या भोकांनी. माझ्या शरीरात रक्त विणणारा जो माग आहे, त्यावरची माझी कार्डं काढून अक्काची लावली. बाकीचे माग, म्हणजे कातडी, हाडं, मेंदू, माझ्या जुन्या कार्डांवरच चाललेत. एकाच कारखान्यात दोन नक्ष्या. बायको म्हणाली, "मग तुमच्या पोरांचे तुम्ही कोण लागता?"

मी हसण्यावारी नेलं, पण नंतर कागदावर मांडून पाहिलं तर तिचं बरोबर होतं. माझा मुलगा, माझी मुलगी आणि मी, तिघांच्या रक्ताची डीएनए तपासणी झाली तर कागद म्हणेल की मी त्यांची आत्या आहे. गालाच्या आतून कापसानं नमुना घेतला तर त्यात रक्तातल्या पेशी मिसळलेल्या असतात, त्यामुळं तिथं दोघंही सापडू. डोक्याचा केस मुळासकट उपटला तर मात्र मी बाप. किमोनं गेलेले आणि परत आलेले हे चार केस एवढाच माझा पुरावा. असं लिहिताना हात थोडा थांबतो.

हे फक्त मनाचे खेळ असते तर मी आपल्याला पत्र लिहिलं नसतं. 2023 साली माझा अपघात झाला. पावसात दुचाकी घसरली, मांडीचं हाड मोडलं, ऑपरेशनला रक्त लागणार होतं. मी अर्धवट शुद्धीत. खिशातल्या लायसन्सवर बी पॉझिटिव्ह. रक्तपेढीत नमुना गेला. कुठलीही चांगली रक्तपेढी रक्तगट दोन्हीकडून तपासते, एकदा तांबड्या पेशींवरून आणि एकदा त्यातल्या पाण्यावरून, म्हणजे प्लाझ्मावरून. दोन्ही उत्तरं जुळली तरच पिशवी सुटते. माझ्या पेशी म्हणाल्या ओ. ओ गटाच्या माणसाच्या प्लाझ्मात ए आणि बी दोन्हींच्या विरोधातली द्रव्यं असतात. माझ्या प्लाझ्मात बीच्या विरोधातलं नव्हतंच. कारण माझं बाकीचं शरीर अजून बी आहे, आणि अक्काच्या पेशी त्या शरीराशी जमवून घ्यायला शिकल्या आहेत. म्हणून प्लाझ्मा म्हणाला बी, लायसन्सही म्हणालं बी, पेशी म्हणाल्या ओ. नळी बदलली असेल म्हणून दुसऱ्यांदा रक्त काढलं. तेच उत्तर. तिसऱ्यांदा काढलं. यात अडीच तास गेले. मुलगा मुंबईची फाईल घेऊन आला तेव्हा एका जुन्या तंत्रज्ञांच्या लक्षात आलं. त्यांनी मुलाला वहीत लिहून दिलं, तांबड्या पेशी द्यायच्या तर ओच्या, प्लाझ्मा द्यायची वेळ आली तर बी किंवा एबीचा. तो वहीचा कागद मी आज लॅमिनेट करून पाकिटात ठेवतो. मला वाचवणारा कायमचा कागद तेवढाच, आणि त्यावर कुणाचा शिक्का नाही.

बरा झाल्यावर लायसन्सवरचा रक्तगट दुरुस्त करायला एका कार्यालयात गेलो. टेबलामागचे साहेब म्हणाले, रक्तगट जन्मात बदलत नसतो, पूर्वी चुकीची माहिती दिली होती असं लिहून द्या, लगेच करून देतो. मी नाही म्हणालो. पूर्वी दिलेली माहिती खरी होती. बी पॉझिटिव्हचा रक्तदाता म्हणून मी सत्तावीस वेळा रक्त दिलं आहे. पहिल्यांदा दिलं ते बारा जानेवारीला, चार हुतात्म्यांच्या स्मृतिदिनाच्या शिबिरात. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे. 1931 साली याच तारखेला येरवड्यात फाशी गेलेली आपली माणसं. विशीतला मी त्यांच्या नावानं दंड पुढं करून बसलो होतो, तो खोटा गट सांगायला? ते रक्तदानाचं कार्ड अजून माझ्याकडं आहे. तांबडी पेशी 120 दिवस जगते. माझ्या त्या सत्तावीस पिशव्या ज्यांना चढवल्या त्यांच्या अंगातही ते रक्त केव्हाच संपलं, आणि माझ्या अंगात तर ते बनणंच थांबलं. माझं जन्माचं रक्त आज जगात कुठंच नाही. त्या कार्डावर मात्र आहे, आणि ते खोटं होतं असं मी लिहून देणार नाही.

मी फार शिकलेला नाही, दहावी. पण आजारपणानंतर हिराचंद नेमचंद वाचनालयात बसून आणि मुलाच्या मोबाईलवर बरंच वाचलं. अस्थिमज्जा बदलण्याचं शास्त्र ज्यांनी उभं केलं त्या डॉ. डोनाल थॉमस यांना 1990 चं नोबेल मिळालं. आपल्याकडं मुंबईच्या टाटा रुग्णालयात डॉ. सुरेश अडवाणी यांनी 1983 साली पहिलं प्रत्यारोपण केलं, नऊ वर्षांच्या मुलीवर, तिच्या भावाच्या मॅरोनं. लहानपणी पोलिओ झाल्यामुळं डॉ. अडवाणी चाकाच्या खुर्चीवरून काम करतात. ज्या मुलीला भावाचं रक्त मिळालं तिच्याबद्दल वाचताना मला वाटलं, आमचं उलटं झालं, पण गोष्ट तीच.

अमेरिकेत अलास्कामध्ये एका बलात्काराच्या गुन्ह्यात सापडलेला डीएनए पोलिसांच्या नोंदीतल्या एका माणसाशी तंतोतंत जुळला. तो तर गुन्ह्याच्या वेळी तुरुंगात होता. शोध घेतल्यावर कळलं, त्याला त्याच्या भावाचा बोन मॅरो बसवला होता, आणि पोलिसांनी नोंदीसाठी त्याचं रक्त घेतलं होतं. नशीब त्याचं की तो तुरुंगात होता. घरी झोपलेला असता तर त्याचं कुणी ऐकलं असतं? नेवाडा राज्यातल्या रेनो शहरात पोलिसांच्याच खात्यात काम करणाऱ्या एकाचं प्रत्यारोपण झालं होतं. प्रयोगशाळेतल्या सहकाऱ्यांनी चार वर्षं त्याचे नमुने तपासले. रक्त, गाल, ओठ, वीर्यसुद्धा, सगळीकडं दात्याचा डीएनए आला. फक्त छातीचे आणि डोक्याचे केस त्याचे स्वतःचे राहिले. 2019 मध्ये ही बातमी जगभर झाली. वॉशिंग्टन राज्यातल्या एका आईची गोष्ट तर आमच्या रेशनच्या रांगेला फार जवळची आहे. तिनं मुलांसाठी सरकारी मदतीचा अर्ज केला, तपासणीत डीएनए जुळला नाही म्हणून ती मुलं तिची नाहीतच असं ठरवायला निघाले. ती तेव्हा गरोदर होती. बाळंतपणाच्या वेळी न्यायालयाचा माणूस उभा करून बाळाचं रक्त घेतलं. डोळ्यांदेखत जन्मलेलं ते बाळही कागदावर तिचं निघेना. तिच्यावर कुठला उपचार झाला नव्हता, जन्मापासूनच तिच्या अंगात दोन प्रकारच्या पेशी होत्या. आईपण सिद्ध करायला तिला कोर्टकचेऱ्या कराव्या लागल्या.

आपल्या देशात 2019 साली डीएनए तंत्रज्ञानाचं विधेयक लोकसभेत आलं होतं, 2023 मध्ये मागं घेतलं. पण 2022 चा गुन्हेगार ओळखीचा कायदा लागू आहे आणि त्यात अटक झालेल्या माणसाचे जैविक नमुने घेण्याची तरतूद आहे. नमुना घेताना "तुमचं प्रत्यारोपण झालंय का?" हा एक प्रश्न विचारायला किती वेळ लागतो? उद्या अक्काच्या घरी चोरी झाली, तिचं बोट कापलं आणि काचेवर रक्त राहिलं, तर ते रक्त माझं आहे असा पुरावा तयार आहे. मी उद्या कुठं बेवारस मेलो आणि पोलिसांनी रक्तावरून ओळख पटवायचं ठरवलं, तर एका बाईचा शोध सुरू होईल.

आणि हे माझ्यापुरतं नाही. कोचीच्या रुग्णालयात 2015 पासून मृत दात्याचे हात दुसऱ्याला बसवतात. पुण्यातल्या एका विद्यार्थिनीलाही तिथं एका तरुणाचे हात मिळाले. बोटं दात्याची म्हणजे ठसेही दात्याचे. तिनं आधारच्या मशीनवर कुणाचा अंगठा लावायचा? फ्रान्समध्ये 2005 साली एका बाईला दुसऱ्या बाईचं नाक, ओठ आणि हनुवटी बसवली. अमेरिकेत 2022 मध्ये माणसाच्या छातीत डुकराचं हृदय दोन महिने चाललं. आपल्याच मुंबईत आयआयटी आणि टाटा रुग्णालयानं मिळून रुग्णाच्या स्वतःच्या पेशी बाहेर काढून, त्यांत बदल करून परत घालण्याचा उपचार तयार केला, त्याला 2023 मध्ये सरकारची परवानगी मिळाली. माणसं वाचताहेत, मी वाचलो, या शास्त्रापुढं मी हात जोडून उभा आहे. पण शास्त्र शरीर बदलतं आणि कचेरीतला फॉर्म मात्र जन्माला आलेलं शरीर मरेपर्यंत तेच राहतं असं धरून चालतो. मधल्या फटीत आम्ही पडतो.

घरातली फट वेगळीच. वडील 2021 मध्ये गेले. तिरडी उचलायच्या आधी नात्यातल्या एका वडीलधाऱ्यांनी हळूच विषय काढला. अग्नी मुलानं द्यायचा, खरं आहे, पण ह्याच्या अंगात लेकीचं रक्त, तेही दिलेल्या घरच्या लेकीचं. तिला तीन दिवसांचं सुतक, ह्याला किती? धाकट्यानं अग्नी दिला तर बरं. आवाज हळू होता पण अक्काला ऐकू गेला. ती भिंतीला टेकून बसली होती, तशीच बसून राहिली. तिची नजर खाली होती आणि एक बोट दुसऱ्या बोटावर विडी वळल्यासारखं फिरत होतं. ते बघून मला आयुष्यात आला नव्हता एवढा राग आला. मी कुणाशी वाद घातला नाही. अक्काचा हात धरून तिला उठवलं, सोबत स्मशानात नेलं आणि आम्ही दोघांनी मिळून अग्नी दिला. आई, वय चौऱ्याऐंशी, एवढंच म्हणाली, "दोघंबी माझ्याच पोटचे. कुणाचं रक्त कुणात गेलं त्यानं मला काय फरक पडतोय."

अक्काला मात्र फरक पडतो, आणि तिचं मला पूर्ण उत्तर देता येत नाही. एकदा सूप मांडीवर घेऊन विड्या वळता वळता तिनं विचारलं, "बाळू, मी मेल्यावर तुझ्या अंगातलं माझं रक्त बी मरंल का?" मी म्हणालो, नाही अक्का, ते आता इथंच तयार होतं, माझ्या हाडात, मी आहे तोवर होत राहणार. ती बराच वेळ गप्प राहिली. "मग म्या पुरती मरणार न्हाई," ती म्हणाली, आणि तिला त्याचा आनंद झाला की भीती वाटली हे मला तिच्या तोंडाकडं बघून कळलं नाही. मलाही रात्री कधी झोप मोडली की तेच वाटतं. मी कोण, हा प्रश्न मला पडत नाही. चादरीचा रंग, रामफळाची चव, बापाचा मार, बायकोवरचा राग, सगळं माझ्या डोक्यात जिथल्या तिथं आहे. पण अंगात ताप आला की त्या तापाशी लढणारी पेशी अक्काची असते. जखम झाली की धावून येते ती अक्का. मी निजलेला असतो आणि ती माझ्या हाडात काम करत असते. जन्मभर ती जशी काम करत आली तशी.

उपचाराआधी मी ज्या कागदांवर सह्या केल्या ते इंग्रजीत होते. मुलानं वाचून सांगितले. जीव जाऊ शकतो, जंतुसंसर्ग होऊ शकतो, पुढं मूल होणार नाही, अक्काच्या पेशी माझ्या शरीरावर उलटू शकतात, सगळं होतं. रक्तगट बदलेल आणि पुढं कुठं कुठं तो सांगावा लागेल, डीएनए बदलेल, याची एक ओळ नव्हती. डॉक्टरांना दोष देत नाही, त्यांच्यासमोर माझा जीव होता. पण ज्या दिवशी रुग्ण घरी सोडतात त्या दिवशी त्याच्या हातात सरकारी शिक्क्याचं एक कायमचं कार्ड का देऊ नये? जुना गट कोणता, नवा कोणता, लाल पेशी कोणत्या द्यायच्या, प्लाझ्मा कोणता, डीएनएसाठी नमुना रक्ताचा न घेता केसांचा घ्या, एवढं त्यावर मराठीत आणि इंग्रजीत छापलेलं. लायसन्सच्या फॉर्ममध्ये "वैद्यकीय कारणानं बदल" असा एक रकाना. पोलिसांच्या नमुन्याच्या फॉर्ममध्ये तो एक प्रश्न. आपल्या शहरात सरकारी वैद्यकीय महाविद्यालय आहे, डॉ. कोटणीसांचं हे गाव आहे, परक्या देशात जाऊन जखमींची सेवा करता करता 1942 साली ते गेले. इथल्या डॉक्टरांनी आणि रक्तपेढ्यांनी मनावर घेतलं तर असं कार्ड सोलापुरातूनही सुरू होऊ शकतं. माझा लॅमिनेट केलेला कागद मी नमुना म्हणून द्यायला तयार आहे.

आणि रेशनचं. ज्या बाईच्या पेशींवर एक माणूस सात वर्षं जगतोय, जिच्या बोटांनी पन्नास वर्षं विड्या वळल्या, तिला मशीन ओळखत नाही म्हणून ती रांगेतून हात पदराखाली घेऊन बाजूला होते, हे मला सहन होत नाही. दुकानदार तिला ओळखतो. गल्ली ओळखते. विडी कामगार म्हणून तिचं ओळखपत्र आहे. पोट भरायला जे काम केलं त्यानंच बोटावरच्या रेघा गेल्या, आणि आता धान्य घ्यायला त्याच रेघा मागताहेत. अंगठा उमटत नाही त्यांच्यासाठी दुकानातच दुसरी सोय हवी, डोळ्यांचं मशीन म्हणा, चेहऱ्याचं म्हणा, नाहीतर दोन साक्षीदार आणि वहीतली सही म्हणा. "हात धुऊन या" हे उत्तर पुरे झालं.

हे पत्र पाठवण्याआधी अक्काला वाचून दाखवलं. तिची गोष्ट तिला न विचारता छापू नये म्हणून. तिनं सगळं ऐकलं. तंबाखूच्या धुळीचं राहू दे म्हणाली. एकच दुरुस्ती सांगितली. सुया पाच दिवस घेतल्या ते बरोबर, पण मुंबईच्या त्या खेपेत तिचे एकूण सतरा खाडे झाले, ते लिही. लिहिलं आहे.

तिचं ई-केवायसीचं काम अजून झालेलं नाही. डोळ्यांचं मशीन दुसऱ्या एका दुकानात आलंय असं कळलं, सोमवारी सकाळी तिला घेऊन तिकडं जायचं आहे.

आमची नावं कृपया छापू नयेत.

आपला,
एक जॅकार्ड कारागीर
पूर्व भाग, सोलापूर